विमानवालीची काच

"ए चष्मेवाली! टेकू नको तिला!"

बेबीकाकीच्या तोंडून मी ऐकलेलं हे पहिलं वाक्य. भिवंडीजवळ वडप्याच्या त्या गोदामात कामाला लागून मला जेमतेम अर्धा तास झाला होता. हजेरीचा कागद कुठे ठेवून सही करावी म्हणून मी एका उंच लाकडी पेटीला खांदा लावला, तेवढ्यात गोदामाच्या दुसऱ्या टोकाकडून आवाज आला. पाठोपाठ ती स्वतः आली. बुटकी, ठसठशीत, काष्टा मारलेलं जांभळं लुगडं, त्यावर कंपनीचं पिवळं जाकीट, आणि दोन्ही मनगटांवर पुरुषांचे जुने मोजे. मोज्यांचे पंजे कापून टाकलेले. नंतर कळलं की हातातल्या हिरव्या बांगड्या कुठे आपटू नयेत म्हणून तिने ही युक्ती केली होती. बांगड्या काढायला ती तयार नव्हती, आणि बांगड्या घालून काचेला हात लावायचा नाही असा कंपनीचा नियम होता. मोज्यांमुळे कंपनीचंही राहिलं आणि काकीचंही.

"आत काच हाय," तिने मला बजावलं. "उभी हाय म्हंजे जागी हाय, असं समजायचं. जाग्या मानसाच्या अंगावर कोन टेकतं का?"

मी सॉरी म्हटलं. ती हसली. "नाव काय तुजं?"

"शुभांगी."

"जेवायला काय आनलंस, शुभे?"

आमचं गोदाम काही साबणाचं किंवा मोबाइलचं नव्हतं. शहराच्या मध्यातून थेट विमानतळापर्यंत नव्या विजेच्या गाड्या धावतात ना, त्यांचे सुटे भाग आमच्याकडे असायचे. गाड्या परदेशी बनावटीच्या. भाग बोटीने यायचे, बंदरातून वडप्याला, आणि डेपोतून मागणी आली की आम्ही पाठवायचो. ब्रेकचे पॅड, दारांची रबरं, छतावरच्या तारेला घासत जाणाऱ्या काळ्या कार्बनच्या पट्ट्या, एसीच्या जाळ्या, सीट, दिवे. ऑफिसच्या भिंतीवर त्या गाडीचं मोठं चित्र होतं. पांढरं अंग, निळा पट्टा, आणि पुढे निमुळतं होत गेलेलं तोंड. त्या गाडीला एक इंग्रजी नाव होतं, आकडे आणि अक्षरं मिळून केलेलं. ते फक्त मी आणि मॅनेजर राऊतसाहेब उच्चारायचो. बाकी सगळं गोदाम तिला 'विमानवाली' म्हणायचं, कारण काकी म्हणायची.

काकी वळ गावची. तिच्या बोलीत 'वल'. सासरचं घर खाडीच्या माणसांचं, थोडी भातशेती, थोडी मासेमारी. आता शेतावर गोदामं उभी राहिली आणि खाडीत बोटी कमी झाल्या. तिचं पूर्ण नाव बेबी केणी. कामाला लागली तेव्हा राऊतसाहेबांनी विचारलं होतं, "नाजूक मालाचा काही अनुभव?"

"हाय की," काकी म्हणाली. "वीस वरसं डोक्यावर अंड्यांची पाटी घेऊन वलवरनं भिवंडीच्या बाजारात गेले. चालत."

"किती अंडी फुटली?"

"माझी की रस्त्यावरच्या लोकांची?"

साहेब हसले आणि तिला काचेच्या विभागात घातलं. हा किस्सा साहेब स्वतःच सांगायचे, पाहुणे आले की. चार-पाच वर्षांत ती त्या विभागाची मुकादम झाली. तिच्या हाताखाली आम्ही चौदा बायका. मी खरं तर कॉम्प्युटरवर, माल आला-गेला नोंदवणारी. पण माझं टेबल तिच्या विभागाला लागून होतं, त्यामुळे मीही तिच्याच हाताखाली आहे असं तिने ठरवून टाकलं होतं.

तिला वाचता फारसं येत नसे. मराठी जुळवून जुळवून वाचायची, इंग्रजी नाहीच. पण पेट्यांवरचे कोड ती चेहऱ्यासारखे ओळखायची. डब्ल्यू म्हणजे 'दोन खड्डे', एच म्हणजे 'शिडी'. "दोन खड्डे, शिडी, मंग सात" असं ती ओरडली की मी स्क्रीनवर बघायचे आणि तो दाराच्या रबराचा कोड निघायचा. एकदाही चुकली नाही, असं म्हणणार नाही. एकदा शिडी आणि एन यांत घोटाळा झाला, आणि डेपोला दिव्यांऐवजी संडासाच्या नळाचे वॉशर गेले. त्यावर ती दोन दिवस स्वतःच हसत होती. "अंधारात बसून हात धुवा म्हनावं."

काम करताना ती वस्तूंशी बोलायची. पेटी उघडण्याआधी बोटाच्या पेराने टकटक करून कान लावायची. काच शाबूत असेल तर आवाज 'भरलेला' येतो आणि तडा असेल तर 'पोकल', असं तिचं म्हणणं. मला दोन्ही आवाज सारखेच वाटायचे. नव्या बायकांना ती तीन गोष्टी शिकवायची. काच कधी निजवायची नाही, उभीच ठेवायची. उचलताना श्वास सोडायचा, कोंडायचा नाही. आणि घरचं भांडण गेटवर ठेवून यायचं; संध्याकाळी जाताना उचलून न्यायचं, कुणी चोरत नाही.

एकदा गाड्या बनवणाऱ्या कंपनीचा परदेशी इंजिनिअर पाहणीला आला. उंच, गोरा, घामाने निथळलेला. बोलता बोलता त्याने हात टेकायला जागा शोधली आणि नेमका पुढच्या काचेच्या पेटीवर पंजा ठेवला. राऊतसाहेब माझ्याकडे बघायला लागले, मी काकीकडे. काकी सरळ त्याच्याजवळ गेली, मोजा घातलेल्या हाताने त्याचं मनगट धरलं, पेटीवरून उचललं आणि त्याच्याच कमरेवर ठेवलं. त्याने दुसरा हातही मागे घेतला. मग म्हणाला, "सॉरी, मॅडम." दुपारी तिने त्याला आपल्या डब्यातली तांदळाची भाकरी आणि सुकटाची चटणी दिली. भाकरी त्याने खाल्ली. चटणीचा वास घेतला आणि डोळ्यांत पाणी आलं, ते बहुधा वासानेच. "राहू दे," काकी म्हणाली, "याच्या आईने याला खाडी दावली नसंल."

त्या पुढच्या काचा म्हणजे आमच्या गोदामाचा जीव. गाडीच्या तोंडावरची, चालवणाऱ्याच्या समोरची ती एकसंध काच. माणसापेक्षा उंच, वाकलेली, आत बारीक तारा घातलेली. काकी भिंतीवरच्या चित्राकडे बोट करून म्हणायची, "ही बग, तोंड कसं बोयावानी हाय. आनि ही काच म्हंजे तिचा डोला." बोय हा खाडीतला मासा. मी त्यानंतर ती गाडी कधी नुसती गाडी म्हणून पाहू शकले नाही.

अशा दोनच काचा आमच्याकडे होत्या. साऱ्या देशात दोनच. एक बाद झाली की तिकडून दुसरी यायला तीन महिने.

त्यातली एक काकीच्या हातून फुटली.

त्या दिवशी वडप्याच्याच तीन नव्या बायका रुजू झाल्या होत्या. काकी त्यांना काम दाखवत होती, आणि खरं सांगायचं तर थोडी भाव खात होती. तिची अंड्यांची गोष्ट रंगात आली होती. काचेची पेटी ट्रॉलीवर उभी होती, जागा बदलायची होती. एरवी अशा पेटीला चौघी लागायच्या, दोन्ही बाजूंना दोघी-दोघी धरून. काकी म्हणाली, "बगा, नीट तोल आला की एका हातानं पन चालते." आणि एका हाताने ओढत निघाली, मान मागे वळवून, गोष्ट सांगत. फरशीवर सिमेंटचा एक खडा होता, बोराएवढा. ट्रॉलीचं चाक त्यावर अडलं, पेटी कलली, आणि लोखंडी रॅकच्या कोपऱ्याला लागली.

आवाज मोठा नव्हता. 'टिच्' एवढाच. मला वाटलं, काही झालं नाही. काकीने पेटीला कानही लावून पाहिला नाही. ती तिथेच खाली बसली.

राऊतसाहेब माणूस वाईट नव्हते. त्यांनी पेटी उघडून तडा पाहिला, मला ऑफिसात नेऊन दार लावून घेतलं, आणि म्हणाले, "लिहा, वाहतुकीत फुटलेली आली. आजच लक्षात आलं. विमा आहे, कुणाचं नुकसान नाही." त्यांना काकीला वाचवायचं होतं. स्वतःलाही. मी टाइप केलं. प्रिंट काढत होते तेव्हा काकी आत आली.

"काय लिवलंस?"

मी वाचून दाखवलं.

"वाटंत न्हाय फुटली. माझ्या हातात फुटली. तसं लिव."

"काकी," साहेब म्हणाले, "तुम्हाला कळतंय का, तुमच्यावर येईल हे."

"माझ्यावरच यायला पायजे. मना गर्व झालता, साहेब. वाटंवर घातलंत तर पेटी बांधनाऱ्या तिकडल्या बाईवर येल. तिनं तर नीट बांदली व्हती."

पेटी बांधणारी तिकडची बाई. समुद्रापलीकडच्या कुठल्या तरी कारखान्यात पेट्या बांधणारी ती बाई आहे की पुरुष, का यंत्र, हे आमच्यापैकी कुणालाच माहीत नव्हतं. काकीच्या डोळ्यांसमोर मात्र ती उभी होती. मी ते वाक्य पुसलं आणि दुसरं लिहिलं. खाली तिने सही केली, बेबी केणी, प्रत्येक अक्षर वेगळं काढून.

तिचं मुकादमपद गेलं. काचेच्या विभागात पाऊल टाकायचं नाही असा आदेश आला, आणि तिला लेबलं चिकटवायच्या टेबलावर बसवलं. गाडीच्या कंपनीने आमच्या मालकांना पत्र पाठवलं की दुसऱ्या काचेला काही झालं तर हा माल दुसऱ्या गोदामात हलवू. म्हणजे आम्ही साऱ्याजणी घरी. बायका काकीशी कामापुरत्याच बोलू लागल्या. दोघी-तिघी तर टोमणे मारत. काकी लेबलं मात्र अशी सरळ चिकटवायची की पट्टीने मोजावीत. मोजे तिने घडी करून डब्याच्या पिशवीत ठेवून दिले होते. दोन महिने असे गेले.

मग भाद्रपदातल्या एका सकाळी डेपोतून फोन आला. विमानवालीच्या तोंडावर काहीतरी आदळलं होतं. जवळच्या बांधकामावरून वाऱ्याने उडालेला पत्रा असावा. कुणाला लागलं नाही, गाडी सावकाश स्टेशनात आणली, माणसं उतरवली. पण समोरची काच गेली. एक गाडी आधीच दुरुस्तीला उभी होती. ही दुसरीही उभी राहिली तर विमानतळाच्या फेऱ्या अर्ध्यावर येणार. काच बसवणारं पथक दुसऱ्या कामावर जायचं होतं, ते त्यांनी संध्याकाळपर्यंत थांबवून धरलं. संध्याकाळी पाचच्या आत काच हवी.

अशा मालासाठी हवेच्या स्प्रिंगांचा खास ट्रक असतो. तो बडोद्याला गेलेला, परवा येणार. उरला आमचा रोजचा माल नेणाऱ्या अश्फाकचा टेम्पो. आणि वडप्यापासून डेपोपर्यंतचा रस्ता तर भर पावसाळ्यातला. भिवंडीच्या माणसाला त्याविषयी वेगळं सांगायला नको.

राऊतसाहेब बाहेर जाऊन टेम्पोभोवती एक फेरी मारून आले. मग लेबलांच्या टेबलाकडे गेले.

"काकी, काच न्यायची आहे."

काकीने हातातलं लेबल आधी नीट चिकटवलं. "मना तिकडं पाय टाकायला बंदी हाय."

"ती मी उठवतो."

"फुटली तर?"

साहेबांनी टेबलावरचं एक लेबल उगाच उचलून परत ठेवलं.

"फुटली तर या पोरींचं काय, ते सांगा. माझं सोडा."

"न नेली तरी तेच आहे, काकी," साहेब म्हणाले.

ती उठली. पिशवीतून मोजे काढले, झटकले आणि मनगटांवर चढवले. "मंग गाडी मी सांगंन तशी चालंल. तुमी पन न्हाय बोलायचं."

पुढचे दोन तास तिने गोदाम डोक्यावर घेतलं. वळमध्ये फोन करून दिराकडून भाताच्या पेंढ्याचे भारे मागवले. टेम्पोच्या तळाशी पेंढा, त्यावर गाद्या. मग रेतीच्या गोणी भरायला लावल्या. अश्फाक कावला. तो भिवंडीतच जन्मलेला, भिवंडीतच वाढलेला, आणि टेम्पोवर त्याचा बायकोपेक्षा जास्त जीव, असं त्याची बायकोच सांगायची.

"काकी, काच रखनी है कि घर बनाना है? इतना वजन कायको?"

"रिकामा टेम्पो उडतो. भरलेला डुलतो. मना डुलायला पायजे. आनि चाकांची थोडी हवा सोड."

"हवा? टायर खराब होईल!"

"टायर मिलतो. काच मिलत न्हाय. सोड."

त्याने हवा सोडली. चौघींनी पेटी चढवली, उभीच, मध्यभागी, पट्ट्यांनी चारी बाजूंनी ताणून. त्या चौघींत दोन टोमणे मारणाऱ्या होत्या. काकी त्यांना म्हणाली, "श्वास सोडा." त्यांनी सोडला.

पेटीच्या कडेला कंपनीने लावलेली एक छोटी पट्टी होती. पांढरी. आतल्या मालाला सहन न होणारा धक्का बसला की ती आपोआप लाल होते, आणि पुन्हा कधी पांढरी होत नाही. लाल पट्टीची पेटी डेपो उघडूनही बघणार नाही, तशीच परत पाठवणार. काकीला हे माहीत होतं. तिने पट्टीकडे एकदाच पाहिलं आणि मागे पेटीपाशी, पेंढ्यावर बसली. मी कागद घेऊन पुढे अश्फाकच्या शेजारी. मधल्या पत्र्यावर एक टकटक म्हणजे हळू, दोन म्हणजे थांब, असं ठरलं.

त्या दिवशी मी जितक्या टकटक ऐकल्या तितक्या आयुष्यात ऐकल्या नसतील. मागून ट्रक हॉर्न मारत होते, रिक्षावाले शिव्या घालून पुढे जात होते. माणकोलीच्या अलीकडे रस्ताभर पाणी साचलेलं होतं. आतला खड्डा वीतभर आहे की कमरेएवढा, काही कळायला मार्ग नव्हता. दोन टकटक झाल्या. काकी मागून उतरली. लुगडं वर खोचलं, चपला टेम्पोत ठेवल्या, कुंपणाला लावलेला एक बांबू उपटला आणि पाण्यात शिरली. एक पाऊल टाकायची, बांबूने पुढे टोचून बघायची, मग दुसरं पाऊल. ओहोटीला खाडीच्या चिखलातून बायका जातात ना, कुठे रुतायला होतं आणि कुठे तळ लागतो ते काठीने बघत, तशी. आणि तिच्या मागे रांगत आमचा टेम्पो. अश्फाकने एकदाही कुरकुर केली नाही. स्टिअरिंगवर वाकून तो फक्त तिच्या टाचांकडे बघत होता.

नाक्यावर वाहतूक पोलीस धावत आला. "ओ मावशी! काय वरात काढलीय का? मागे बघा किती गाड्या तुंबल्यात!"

"वरातच हाय," काकी पाण्यात उभी राहून म्हणाली. "नवरी आत उभी हाय. बसत न्हाय, निजत न्हाय. काचेची हाय."

त्याने मागे डोकावून पाहिलं. पेंढा, गोणी, पट्ट्या आणि उंच पेटी. "कुठे चालली?"

"विमानतलाच्या गाडीला. तिचा डोला फुटलाय."

त्याला किती कळलं देव जाणे. पण तो वळला, शिट्टी तोंडात घातली, समोरून येणारी सगळी वाहनं हात करून थांबवली, आणि चौक आम्हाला मोकळा करून दिला. काकी त्याच्या जवळून जाताना म्हणाली, "तुज्या लग्नाला येन रं." तो पन्नाशीचा होता.

खाडीचा पूल ओलांडला, ठाणे मागे पडलं, रस्ता गुळगुळीत झाला. सव्वाचार वाजले होते. अश्फाक पहिल्यांदा सीटला पाठ टेकून बसला. म्हणाला, "अब तो मक्खन है." डेपो आता किलोमीटरभरावर. मी राऊतसाहेबांना फोन लावून सांगायला लागले, "पोहोचतोच आहोत," आणि तेवढ्यात समोर गतिरोधक आला. पट्टे पुसलेला, रस्त्याच्याच रंगाचा. अश्फाकला दिसला तेव्हा पुढचं चाक चढलं होतं.

टेम्पो उडाला. आपटला. मागून पट्ट्यांचा करकर आवाज आला.

अश्फाकने कडेला घेऊन थांबवला. आम्ही दोघं पत्र्याकडे बघत बसलो. टकटक नाही. एक नाही, दोन नाही. अश्फाक ओठातल्या ओठात काहीतरी पुटपुटला. मी उतरून मागे गेले.

काकी पेटीला दोन्ही हातांनी मिठी मारून उभी होती. गाल लाकडाला चिकटलेला. डोळे घट्ट मिटलेले.

"काकी?"

"तू बग," ती म्हणाली. "मना बगवत न्हाय."

मी आत चढले. पट्टी तिच्या कोपरापाशी होती. मी वाकले.

"पांढरी आहे, काकी."

"नीट बग."

"पांढरी आहे."

"चष्मा पूस आनि बग."

मी चष्मा काढला, ओढणीने पुसला, घातला. "पांढरी आहे. दुधासारखी पांढरी आहे. तुम्हीच बघा."

तिने एक डोळा उघडला. मग दुसरा. पट्टीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि पेटीवरचे हात न काढता हळूहळू खाली पेंढ्यावर बसली. मग इतकी रडली की मला काय करावं सुचेना. मी तिला दोन महिन्यांत रडताना पाहिलं नव्हतं, काच फुटली तेव्हाही नाही. अश्फाक खाली उभा होता, मागच्या फळीला धरून. "काकी, माफ करो. दिखा नहीं. कसम से दिखा नहीं."

"जल्लं तुजं," काकी डोळे पुसत म्हणाली. "अंड्याची पाटी असती तर आमलेट झालं असतं." आणि हसायला लागली. मग आम्ही तिघंही हसत सुटलो. बाजूने जाणारी माणसं वळून बघत होती.

डेपोत पोहोचलो तेव्हा पाच वाजायला पंधरा मिनिटं होती, कारण राहिलेला किलोमीटर काकीने सगळाच्या सगळा चालत, टेम्पोच्या पुढून काढला. पथकाने पेटी उतरवली, पट्टी तपासली, फळ्या सोडवल्या. काच बाहेर आली. त्यांच्या प्रमुख बाईंनी तिच्यामागे दिवा धरून इंच न् इंच तपासली. पाच-सात मिनिटंच लागली असतील. काकी भिंतीशी उभी होती, मोज्यांचे हात पदरात गुंडाळून.

"परफेक्ट," त्या बाई म्हणाल्या. मग काकीकडे वळून, "एकदम चांगली आहे, मावशी. एक चरा नाही."

काकीने मान हलवली. "तिकडल्या बाईनं बांदलीच नीट व्हती."

शेजारच्या रुळावर विमानवाली उभी होती. आम्ही तिला पहिल्यांदाच प्रत्यक्ष बघत होतो. चित्रात दिसते त्याहून कितीतरी उंच आणि लांब. समोरची फुटकी काच काढून झाली होती आणि तिथे नुसती काळी पोकळी. काकी जवळ गेली आणि बराच वेळ वर बघत राहिली. परतीच्या वाटेवर एवढंच म्हणाली, "मना वाटलं व्हतं, लहान असंल."

तिसऱ्या दिवशी गाडी धावायला लागली. डेपोतून पत्र आलं, माल आमच्याकडेच राहिला. काकीला मुकादमपद परत मिळालं. तिने एकच अट घातली, लेबलांच्या टेबलावर कुणालाही शिक्षा म्हणून बसवायचं नाही, ते चांगलं काम आहे. टोमणे मारणाऱ्या बायकांशी ती आधीसारखी बोलू लागली, जणू मध्ये काही घडलंच नाही. नव्या बायकांना तीन गोष्टींऐवजी आता चार शिकवायची. चौथी, काम करताना गोष्ट सांगायची नाही. ही ती स्वतः जेमतेम महिनाभर पाळू शकली.

पुढच्या वर्षी मला बंगळुरूला नोकरी लागली. माझ्या घरातून विमानात बसणारी मी पहिलीच. वडील कापडाच्या लूमवर, त्यांना शिफ्ट होती. आईला प्रवास झेपत नाही. काकी म्हणाली, "मी येते सोडायला." आणि आली. हातात माझ्यासाठी तांदळाच्या पिठाच्या तळलेल्या गोड बोरांचा डबा. आम्ही विमानवालीनेच गेलो. गाडीत ती खिडकीपाशी ताठ बसून राहिली, पाय पिशवीवर ठेवून, आणि विमानतळाच्या स्टेशनात उतरताना तिने दाराच्या रबरावरून बोट फिरवलं. "दोन खड्डे, शिडी, सात," ती हळूच म्हणाली.

वर विमानतळाच्या दारापुढे तिला येता येणार नव्हतं. मला एकच घोर लागला होता. ही परत कशी जाणार? फलाट दोन, सरकते जिने, पाट्या भराभर बदलणाऱ्या. मी तिला परतीच्या गाडीपाशी आणलं, कुठे उतरायचं ते तीनदा सांगितलं, कागदावर लिहून दिलं.

"जा गो," ती म्हणाली. "तुजं इमान सुटंल."

तिने माझ्या गालावरून हात फिरवला आणि आत शिरली. दारं मिटली. मी फलाटावरच थांबले, खिडकीतून ती दिसावी म्हणून. डबा सुटकेसवाल्या माणसांनी भरलेला. एका तरुण बाईच्या कडेवरचं बाळ किंचाळत रडत होतं आणि ती बाई एका हाताने बॅग सावरत होती. काकीने हात पुढे केले. त्या बाईने क्षणभर तिच्याकडे पाहिलं आणि बाळ देऊन टाकलं. गाडी हलली. मी हात हलवत होते, पण काकीचं माझ्याकडे लक्षच नव्हतं. बाळाला खांद्यावर घेऊन ती त्याच्या आईला काहीतरी सांगत होती, मान डोलावत, मोठ्याने असणार, कारण समोरची दोन माणसं हसत होती. मी हात खाली घेतला, बॅग उचलली आणि जिन्याकडे वळले.